अण्वी: अर्थ, मूळ, उच्चार आणि नोंदणी – वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बारसं आठ दिवसांवर आलं की घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर नावांचा पाऊस पडतो, आणि त्यात हल्ली ‘अन्वी’ हटकून असतं. त्यापुढे अर्थही लिहिलेला असतो. दर वेळी वेगळा. मूळ संस्कृत शब्द ‘अण्वी’ आहे, ण घालून. तो खरा आहे, जुना आहे आणि त्याचा अर्थ सांगता येतो. कोल्हापूर आणि आसपासच्या पालकांना हे नाव ठेवताना जे प्रश्न पडतात, त्यांची उत्तरं इथे एकत्र दिली आहेत.

अण्वी म्हणजे नेमकं काय?

‘अणु’ या विशेषणाचं स्त्रीलिंगी रूप म्हणजे अण्वी. अर्थ: सूक्ष्म, बारीक, नाजूक. पाणिनीच्या व्याकरणात ‘वोतो गुणवचनात्’ (4.1.44) असं एक सूत्र आहे. गुण सांगणारा शब्द उकारान्त असेल तर त्याच्या स्त्रीलिंगी रूपाला विकल्पाने ई लागते, आणि मग उ चा व होतो. मृदु-मृद्वी, गुरु-गुर्वी, लघु-लघ्वी, तसंच अणु-अण्वी. पृथु म्हणजे रुंद, त्याची झाली पृथ्वी. साधूची साध्वी तर सगळ्यांना ठाऊक आहे. अण्वी याच घरातली.

ऋग्वेदात हाच शब्द नाम म्हणूनही येतो आणि तिथे त्याचा अर्थ ‘बोट’ असा आहे. त्याबद्दल पुढे सविस्तर.

मोबाइलवर तर ‘लक्ष्मीचं एक नाव’ असा अर्थ दिसतो. आम्ही तर अंबाबाईच्या गावचे. तेवढ्यासाठीच नाव आवडलं होतं.

हा अर्थ नावांच्या यादीतून यादीत उतरवला गेलेला आहे. लक्ष्मीच्या अष्टोत्तरशतनामावलीतली 108 नावं एकदा डोळ्याखालून घाला, दहा मिनिटांचं काम आहे. त्यात प्रकृती, विकृती, विद्या, श्रद्धा, विभूती अशी सुरुवात होते. अन्वी नाही आणि अण्वीही नाही. ‘वनदेवता’, ‘देवीच्या मागे चालणारी’, ‘मानवता’ हे इतर अर्थही असेच हवेतले.

देवीचंच नाव हवं असेल तर त्याच नामावलीत आजच्या कानाला गोड लागतील अशी नावं आहेत: विभावरी, हिरण्मयी, अनघा, वसुधा, सुरभी, दीप्ता. यांतल्या कुठल्याही नावाचा आधार गुरुजींना विचारला तरी ते ओळ म्हणून दाखवतील.

मग ‘अन्वी’ हे ‘न’ अक्षराचं रूप चूक आहे का?

संस्कृत शब्द म्हणून ते उभं राहत नाही. ‘अनु’ हे अव्यय आहे: मागून, बरोबर, प्रमाणे. अनुकरण, अनुभव, अनुवाद यांतलं. ते गुण सांगणारं विशेषण नाही, त्यामुळे मृदु-मृद्वीचा नियम त्याला लागू होत नाही.

एक वाट मात्र मोकळी आहे. अनु आणि ‘इ’ म्हणजे जाणे हा धातू मिळून ‘अन्वित’ होतं: जोडलेला, युक्त. श्लोक सोडवताना आपण जो ‘अन्वय’ लावतो तो याच धातूचा. गीतेत नवव्या अध्यायात ‘श्रद्धयान्विताः’ आलं आहे, श्रद्धेने युक्त. त्याचं स्त्रीलिंग अन्विता. तिचं लाडाचं, तोडलेलं रूप अन्वी असं कुणी मानलं तर त्याला हरकत घेण्याचं कारण नाही. प्रतिभाची प्रतू होते तशी अन्विताची अन्वी. पण मग कागदावर ‘अन्विता’ लिहावं आणि घरात ‘अन्वी’ म्हणावं, हे जास्त नेटकं. कागदावरही दोन अक्षरीच हवं असेल तर ण घ्या.

‘बोट’ हा अर्थ कुठून आला? मुलीचं नाव बोट?

ऐकायला विचित्र वाटतं खरं, पण या नावातली सगळ्यात सुंदर गोष्ट हीच आहे. ऋग्वेदाचं नववं मंडल पूर्ण सोमाला वाहिलेलं आहे. त्याच्या पहिल्याच सूक्तात सातवी ऋचा अशी: ‘तमीमण्वीः समर्य आ गृभ्णन्ति योषणो दश’. सोम हातांनी पिळायचा, म्हणून दहा बोटं त्याला धरतात. कवीने त्या दहा बोटांना ‘दहा तरुणी’ म्हटलं आहे. अण्वी म्हणजे बारीक, सडपातळ, म्हणून बोटं अण्वी. पहिल्या मंडलातल्या तिसऱ्या सूक्तात इंद्राला बोलावताना ‘अण्वीभिः’ हे रूप येतं, तिथेही बोटंच.

वैदिक शब्दांची जुनी सूची म्हणजे निघंटु. यास्काचं निरुक्त हे त्यावरचंच भाष्य. निघंटूच्या दुसऱ्या अध्यायात बोटांसाठी 22 शब्द नोंदवले आहेत आणि अण्वी त्यांत अगदी सुरुवातीला आहे.

थोडक्यात, आजीने ‘म्हंजे काय गं?’ विचारलं तर ‘नाजूक’ एवढं पुरे. कुणी जाणकार भेटला तर ऋचा सांगा.

अणू म्हटलं की अणुबॉम्ब आठवतो. ‘लहान’ असा अर्थ शुभ आहे का?

अणू म्हणजे ॲटम हा अर्थ आधुनिक विज्ञानाच्या पुस्तकांनी रुळवला. त्याआधी हा शब्द किमान अडीच हजार वर्षं आपल्याकडे वेगळ्याच वजनाने वापरला गेला आहे. कठोपनिषदात आत्म्याचं वर्णन ‘अणोरणीयान् महतो महीयान्’ असं आहे, सूक्ष्माहून सूक्ष्म आणि मोठ्याहून मोठा. तुकोबांचा ‘अणुरेणियां थोकडा, तुका आकाशाएवढा’ तर वारकऱ्यांच्या तोंडी असतोच. लहानपणात कमीपणा आहे, असं या परंपरेत कुणी मानलेलं नाही.

कोल्हापूर-सांगली पट्ट्यातल्या जैन घरांना हा शब्द आणखी जवळचा. श्रावकांची पाच व्रतं म्हणजे अणुव्रतं: अहिंसा, सत्य, अस्तेय, ब्रह्मचर्य, अपरिग्रह. मुनींची महाव्रतं, गृहस्थांची अणुव्रतं. त्या घरात अण्वी नाव ठेवलं तर अर्थ वेगळा समजावून सांगावा लागणार नाही.

रुद्र म्हणणाऱ्यांनी आणखी एक जागा पाहावी. रुद्रपाठाचा दुसरा भाग म्हणजे चमक, त्याच्या चौथ्या अनुवाकात (विभागात) धान्यांची मागणी आहे: व्रीही, यव, माष, तीळ, मूग… आणि ‘अणवश्च मे’. तिथे अणु म्हणजे वरीच्या जातीचं बारीक दाण्याचं धान्य. सूक्ष्म हा गुण, बोट हे अंग आणि धान्य हे अन्न, अशा तिन्ही ठिकाणी एकच शब्द.

शेवटी ‘ई’ आहे म्हणजे मुलीचं नाव, हे खरं ना?

नाही, आणि इथे भलेभले फसतात. धन्वी, यशस्वी, मेधावी, तपस्वी ही संस्कृतात पुल्लिंगी रूपं आहेत. मूळ शब्द इन्-विन् अंताचे. विष्णुसहस्रनामात ‘विक्रमी धन्वी मेधावी’ ही विष्णूची नावं आहेत. त्यांची स्त्रीलिंगी रूपं धन्विनी, यशस्विनी, मेधाविनी, तपस्विनी. मराठीत यशस्वी दोन्हीकडे चालतं, ते वेगळं. अण्वी मात्र संस्कृतातही अस्सल स्त्रीलिंगी आहे, तन्वीसारखीच. कानाला तन्वी आणि धन्वी जुळ्या बहिणी वाटतात, पण त्या एका घरातल्या नव्हेत.

उच्चार कसा करायचा? आमच्याकडे ण चा न होतो.

दोनच अक्षरं: अ-ण्वी. ‘अ’ वर थोडा आघात पडतो, कारण पुढे जोडाक्षर आहे. ण साठी जिभेचं टोक मागे वळवून टाळूला लावायचं आणि तिथून थेट व वर यायचं. मध्ये अ घुसला की ‘अणवी’ होतं, तीन अक्षरांचं, आणि लय जाते. ‘पुण्याला’ म्हणताना ण् जसा पटकन सुटतो तसाच इथे सोडा.

बोलीत पाणी-पानी, कोण-कोन होतं हे खरंच आहे. शेतात, गल्लीत मुलीला ‘अन्वी’च ऐकू येणार, आणि त्यात बिघडत काही नाही. बोललेल्या नावाला दाखला लागत नाही. लिहिलेलं मात्र एकदा ठरवा आणि सगळीकडे तेच ठेवा.

देवनागरीत टाइप करताना दर वेळी काहीतरी बिघडतं. नेमका क्रम काय?

अ, ण, पाय मोडण्याचं चिन्ह (हलन्त), व, दीर्घ वेलांटी. पाच घटक, याच क्रमाने.

सरकारी कार्यालयांतल्या इन्स्क्रिप्ट कीबोर्डवर शिफ्ट-डी, शिफ्ट-सी, डी, बी, आर अशा कळा दाबायच्या. न साठी व्ही ही साधी कळ आहे आणि ण साठी शिफ्टसह सी. घाईत टाइप करणाऱ्याच्या बोटाला न सोपा पडतो. अर्ध्या चुका इथे होतात. फोनवर इंग्रजी अक्षरांतून मराठी लिहिणारं ॲप आधी ‘अन्वी’ सुचवतं. खालच्या पर्यायांत ण दिसत नसेल तर मराठी कीबोर्ड उघडून अक्षर-अक्षर लिहा. एकदा लिहून नोट्समध्ये ठेवा आणि तिथून कॉपी करा. सगळ्यात कमी डोकेदुखी.

तीन चुकीची रूपं वारंवार दिसतात: हलन्त राहून गेल्यामुळे ‘अणवी’, सुरुवातीला आ लागून ‘आण्वी’, आणि दोन्ही मिळून ‘आणवी’. शेवटचं तर ‘आणावी’च्या इतकं जवळ जातं की वर्गात चिडवायला आयतं कारण मिळतं. (आणवी हा शब्द स्वतंत्रपणे आहे, शैव आगमांतल्या एका दीक्षेचं ते नाव आहे, पण ते नाव वेगळं.) शेवटची वी दीर्घच लिहायची, मराठीत शब्दाच्या शेवटचा इकार दीर्घ असतो.

इंग्रजी स्पेलिंग काय ठेवावं?

ए-एन-व्ही-आय. ण आणि न दोन्हींसाठी इंग्रजीत एन एकच, त्यामुळे फरक तिथे दिसणारच नाही. व्ही ऐवजी डब्ल्यू, शेवटी आय ऐवजी दोन ई, अंकशास्त्रवाल्याने सुचवलेला जादा ए, यांपैकी काहीही घातलं की पुढची वीस वर्षं प्रत्येक खिडकीवर ‘स्पेलिंग सांगा’ ऐकावं लागतं. ज्यांना जादा अक्षर हवंच आहे त्यांनी ते जन्मदाखल्यातच घालावं. नंतर आधारवर एक, शाळेत दुसरं, असं होऊ देऊ नये.

एक गोष्ट परदेशी जाणाऱ्या घरांनी आधीच जाणून घ्यावी. इंग्रजी बोलणारा माणूस ही चार अक्षरं वाचताना पहिल्या अ चा ‘ॲ’ किंवा ‘ए’ करतो आणि ऐकू येतं ‘एन्व्ही’, म्हणजे इंग्रजीत हेवा. मुलीला त्रास होईल एवढं ते मोठं नाही, पण पहिल्या दिवशीच शिक्षिकेला ‘अण्-वी’ असा उच्चार सांगितलेला बरा. हे अजिबात नको असेल तर उर्वी किंवा चार्वी निवडा.

नक्षत्राच्या अक्षरात बसतं का?

नक्षत्रांची नामाक्षरं सांगणारा तक्ता म्हणजे अवकहडा चक्र. त्यात ‘अ’ हे कृत्तिकेच्या पहिल्या चरणाचं अक्षर. हा चरण मेष राशीत येतो, मेषेचे शेवटचे 3 अंश 20 कला. कृत्तिकेचे पुढचे तीन चरण वृषभेत जातात आणि त्यांची अक्षरं ई, उ, ए. जन्म दुसऱ्या नक्षत्रावर असेल तर नाक्षत्रनाव वेगळं ठेवतात आणि हाक मारायचं नाव अण्वी. त्यात नियमभंग काही नाही. संस्कारात ही दोन नावं मुळातच वेगळी धरली आहेत.

शास्त्रात मुलींच्या नावांचे नियम आहेत म्हणतात. अण्वी त्यांत बसतं?

अर्धं बसतं. गृह्यसूत्रं म्हणजे घरच्या संस्कारांचे नियम सांगणारे जुने ग्रंथ. आश्वलायन गृह्यसूत्रात मुलांच्या नावात सम अक्षरं आणि मुलींच्या नावात विषम अक्षरं असावीत असं सांगितलं आहे. अण्वी दोन अक्षरांचं, म्हणजे सम. पारस्कर गृह्यसूत्राला विषम अक्षरांबरोबर शेवट ‘आ’ हवा असतो. तिथेही बसत नाही. मनुस्मृतीत (2.33) मुलीचं नाव उच्चारायला सोपं, अर्थ स्पष्ट असलेलं, मनोहर, मंगल आणि दीर्घ स्वराने संपणारं असावं असं म्हटलं आहे. तिथे शेवटची ई चालते. उच्चार सोपा आहे का, यावर वाद होऊ शकतो.

विषम अक्षरांचा आग्रह असलेल्या घरांत अन्विता हा सरळ मार्ग: तीन अक्षरं, शेवटी आ. तसं पाहिलं तर सीता, राधा, गीता ही सगळी दोन अक्षरीच आहेत, आणि त्यांना कुणी नाही म्हटलेलं नाही.

बारशाला नाव कसं लिहायचं, कसं घ्यायचं?

ताटात तांदूळ पसरून सोन्याच्या अंगठीने नावं लिहितात: देवतानाम, मासनाम, नाक्षत्रनाम आणि शेवटी व्यावहारिक नाम. अण्वी हे शेवटचं. तांदळात जोडाक्षर नीट उमटत नाही. ण ची उजवीकडची काठी गाळून थेट व जोडा, आणि मोठ्या अक्षरात लिहा, म्हणजे फोटोतही वाचता येतं. तांदळाचा थर पातळ ठेवा. जाड थरात रेघ लगेच भरून येते.

नाव आधी आत्या कानात सांगणार, मग सगळ्यांना. ण्व कानात कुजबुजताना नुसता ‘वी’ ऐकू येतो, म्हणून सगळ्यांसमोर सांगताना मोठ्याने, दोन वेळा सांगायला आत्याला आधीच सांगून ठेवा. पाळण्याच्या ओळीत नाव गुंफायचं असेल तर दोन अक्षरं कमी पडतात. ‘अण्वीबाई’ म्हटलं की चार होतात आणि चाल भरते. घुगऱ्या वाटताना बायका नाव विचारणारच, तेव्हा दारात नाव लिहिलेली एक पाटी ठेवा.

जन्मदाखल्यात नाव कधी आणि कसं घालायचं?

जन्म जिथे झाला तिथे नोंद होते. तुमचं घर कुठे आहे याला महत्त्व नाही. राहायला कागलला आणि बाळंतपण कोल्हापूर शहरातल्या दवाखान्यात, तर नोंद कोल्हापूर महापालिकेकडे. गावात घरी जन्म झाला तर ग्रामपंचायतीकडे.

जन्माची माहिती 21 दिवसांत द्यायची असते. दवाखान्यात जन्म झाला तर ती दवाखाना पाठवतो. 21 ते 30 दिवसांत विलंब शुल्क लागतं, त्यानंतर परवानगी आणि स्वसाक्षांकित कागद, आणि वर्ष उलटलं तर दंडाधिकाऱ्यांचा आदेश.

नाव त्याच वेळी द्यावंच लागतं असं नाही. दवाखान्यात घाईने काहीतरी लिहून देण्यापेक्षा ती जागा रिकामी सोडा. नोंदणीपासून 12 महिन्यांत पालकांनी अर्ज केला की नाव विनाशुल्क घालता येतं. त्यानंतर 15 वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून. बारसं होऊ द्या, ण की न यावर एकमत होऊ द्या, मग जा. अर्जात नाव देवनागरीत छापील अक्षरात लिहा आणि शेजारी कंसात ‘ण ला व जोडून’ असं शब्दांत लिहा. हास्यास्पद वाटेल, पण टाइप करणाऱ्याला याचाच उपयोग होतो. दाखला हातात पडल्यावर खिडकी सोडण्यापूर्वी मराठी आणि इंग्रजी दोन्ही नावं वाचा.

1 ऑक्टोबर 2023 पासून जन्मलेल्या मुलांसाठी जन्मदाखला हाच जन्मतारखेचा मुख्य पुरावा धरला जातो: शाळाप्रवेश, पासपोर्ट, सगळीकडे. म्हणून पहिली नोंद बरोबर असणं आता पूर्वीपेक्षा जास्त महत्त्वाचं.

पहिलं बाळंतपण माहेरी, निपाणीला झालं. दाखला कन्नडमध्ये आहे.

आपल्या भागात हे नेहमीचंच. निपाणी, बेळगाव, चिकोडीकडे जन्म झाला तर नोंद कर्नाटकात होते आणि दाखल्यावर कन्नड व इंग्रजी असतं. मराठी रूप कुठेच नसतं. बरी गोष्ट अशी की कन्नडमध्ये ण आणि न वेगळे आहेत आणि तिथे ण चा उच्चारही ठसठशीत असतो. ‘अण्णा’ मधला ण, एवढं सांगितलं की पुरे. कोल्हापुरात शाळेत घालताना मराठी नाव इंग्रजीवरून तयार केलं जातं, आणि तिथे पुन्हा न येतो. प्रवेशअर्जात मराठी नाव स्वतःच्या हाताने लिहा.

आधार काढताना काय पाहायचं?

पाच वर्षांखालच्या मुलांच्या आधारला बोटांचे ठसे लागत नाहीत. आई किंवा वडिलांच्या आधारशी ते जोडलं जातं. ठसे पाचव्या आणि पंधराव्या वर्षी द्यावे लागतात. (नावाचा अर्थच बोट, आणि आधारला बोटं नकोत.)

केंद्रावर इंग्रजी नाव टाइप केलं की मराठी आपोआप उमटतं. अन्वी, आन्वी, अनवी यांपैकी काहीही येऊ शकतं. ते पडद्यावर दुरुस्त करता येतं, पण तिथे बसलेल्याला सांगावं लागतं. पावती छापून येते तेव्हा वरचं मराठी नाव वाचल्याशिवाय सही करू नका. आधारवर नाव आयुष्यात दोनदाच बदलता येतं, त्यातली एक संधी ण साठी घालवणं म्हणजे उधळपट्टी.

दाखल्यावर आधीच ‘अन्वी’ छापून आलंय. बदलावं का?

इंग्रजी स्पेलिंग तेच राहत असेल तर घाई नाही. पासपोर्ट आणि पॅनवर नाव इंग्रजीतच असतं. मराठी शाळेत जाणार असेल, किंवा तुम्हाला ते खुपत असेल, तर जन्म-मृत्यू निबंधकाकडे लेखनातली चूक म्हणून दुरुस्तीचा अर्ज करा. मूळ नोंद खोडत नाहीत. शेजारी समासात दुरुस्ती लिहून तारखेसह सही होते आणि नवा दाखला त्यावरून निघतो. अन्वीचं अण्वी ही दुरुस्ती आहे. अन्वीचं शर्वरी करायचं असेल तर ती चूक-दुरुस्ती राहत नाही, राजपत्राचा रस्ता धरावा लागतो. शाळेच्या रजिस्टरातला बदलही मूल त्या शाळेत असेपर्यंतच करून घ्या. शाळा सोडल्याचा दाखला निघाल्यावर फार खेटे पडतात.

पूर्ण नावाचा क्रम काय?

1 मे 2024 पासून जन्मलेल्यांसाठी महाराष्ट्रात शासकीय कागदांवर बालकाचं नाव, आईचं नाव, वडिलांचं नाव, आडनाव असा क्रम आहे. दोन अक्षरी पहिलं नाव इथे फायद्याचं ठरतं, रकान्यात मावतं.

घरात काय म्हणणार? लांबवायला जागाच नाही.

कोल्हापुरात नावाची मोडतोड झाल्याशिवाय माया दिसत नाही. अण्वे, अण्वू, अनू, अण्णू हे सगळं होणार. ‘अण्णी’ झालं तर घरातल्या एखाद्या अण्णांशी गोंधळ ठरलेला. विभक्ती लावताना मूळ रूप तसंच राहतं: अण्वीला, अण्वीचा, अण्वीनं.

याच घरातली, अर्थ पक्का असलेली आणखी नावं?

चार्वी (चारु, सुंदर), उर्वी (उरु, विशाल, पृथ्वीचंही नाव), तन्वी (तनु, सडपातळ), ऋज्वी (ऋजु, सरळ), मृद्वी (मृदु, मऊ). शेवटची फारशी कुणी ठेवलेली नाही. मृद्वीपासूनच मृद्वीका, म्हणजे द्राक्ष. तासगावच्या सुनेला मुलगी झाली तर यापेक्षा चपखल नाव सापडायचं नाही. आर्वी मात्र या यादीत नाही. ते वर्धा जिल्ह्यातलं गाव आहे आणि नाव म्हणून त्याला दिले जाणारे अर्थ अन्वीसारखेच उसने आहेत.

आम्हाला स्वतः तपासायचं आहे. कुठे पाहू?

वामन शिवराम आपटे यांचा संस्कृत-इंग्रजी कोश (1890) घ्या. आपटे शाळेत शिकले ते कोल्हापुरातच. मोनिअर-विल्यम्स यांचा कोश (1899) ही चालेल. करवीर नगर वाचन मंदिर किंवा शिवाजी विद्यापीठाच्या ग्रंथालयात जाऊन कोश मागता येतात, आणि दोन्ही कोश इंटरनेटवरही आहेत.

नेहमी होणारी चूक म्हणजे थेट स्त्रीलिंगी रूप शोधणं. कोशात विशेषण मूळ रूपात असतं, म्हणून ‘अणु’ उघडा; स्त्रीलिंगी रूप तिथेच दिलेलं असतं. दुसरी चूक: ‘अनु’ उघडून तिथला अर्थ अण्वीला चिकटवणं. नावांच्या यादीत अर्थ दिला असेल, पण धातू, मूळ शब्द किंवा ग्रंथातली जागा दिली नसेल, तर तो अर्थ कोशात सापडेपर्यंत धरू नका. कोणतंही नाव असो, ही चाळणी लावा.

चांदीच्या वाटीवर, वाळ्यांवर नाव कोरून घ्यायचंय.

गुजरीत (कोल्हापूरच्या सराफ बाजारात) किंवा चांदीकामाच्या हुपरीतल्या कारागिराकडे तोंडी नाव सांगून येऊ नका. कागदावर किमान बोटभर उंचीचं अक्षर काढून द्या. अर्धा ण स्पष्ट दिसला पाहिजे: काठी नसलेला ण, त्याला चिकटून व. संगणकावरून छापून नेत असाल तर फॉन्ट तपासा; काही फॉन्टमध्ये ण अख्खा राहतो आणि खाली तिरकी रेघ येते. कारागीर ती रेघ नक्षी समजून सोडून देतो आणि वाटीवर ‘अणवी’ उमटतं. वाळ्यांच्या आतल्या बाजूला जागा अगदी कमी असते, तिथे दोन अक्षरांवर थांबा. तारीख वाटीच्या बुडाला घ्या.